डिग्रीआधीची वर्षं

तुम्ही विचारलंत म्हणून लिहितोय. डीपीसी, म्हणजे बढत्या ठरवणाऱ्या समितीची बैठक, जवळ आली की कुणाचा तरी फोन येतोच: "सर, नोकरीत असताना डिग्री केली तर आधीची सर्व्हिस धरतात का?" त्याचं उत्तर देईपर्यंत दुसरा प्रश्न तयार असतो: "मग तुमची का नाही धरली?" आज दोन्हींचं सांगून टाकतो. कँटीनमध्ये अर्धवट सांगून आणि त्यावर लोकांनी आपापले अर्थ लावून मी थकलोय.

पहिल्याचं उत्तर तुमच्या सेवाप्रवेश नियमात आहे. 'पदवीनंतर तीन वर्षांची सेवा' असं स्पष्ट लिहिलं असेल तर विषय संपला. 'पदवी व तीन वर्षांची सेवा' असेल तर भांडायला जागा आहे, पण जिंकालच असं नाही. पाँडिचेरीच्या सार्वजनिक बांधकाम खात्यात पदवीधराला तीन आणि डिप्लोमावाल्याला सहा वर्षं असा नियम होता. 1991 साली सर्वोच्च न्यायालयाने खात्याची जुनी प्रथा बघून सांगितलं, तीन वर्षं मोजायची ती पदवी मिळाल्यापासून. नंतर दिल्ली महापालिकेच्या प्रकरणात पदवीआधीचा अनुभवही धरला गेला. 2007 मध्ये दिल्ली विकास प्राधिकरणाच्या इंजिनीयरांच्या बाबतीत पुन्हा पदवीनंतरचीच सेवा. त्यामुळे कुणी एकच निकाल हातात घेऊन छातीठोकपणे बोलत असेल, तर आधी आपल्या नियमाची प्रत काढा.

आता माझं. 1996 ला डिप्लोमावर कनिष्ठ अभियंता म्हणून लागलो. डोंबिवली ते कुर्ला रोजच्या लोकलमध्ये, बसायला जागा मिळाली तर पुस्तक आणि नाही मिळाली तर खिशातल्या चिठ्ठ्या, असं करत ए.एम.आय.ई. केलं, म्हणजे नोकरी सांभाळून देता येणारी इंजिनीयरिंगची परीक्षा. ती परीक्षा तेव्हा पदवीच्या बरोबरीची धरायचे. तिचा शेवटचा भाग, सेक्शन बी, पूर्ण झाला 2008 मध्ये. आमच्याकडे सहायक अभियंता व्हायला पदवीधरांच्या कोट्यात तीन वर्षं लागायची, डिप्लोमाच्या कोट्यात आठ. 2009 ची यादी लागली तेव्हा माझी तेरा वर्षं झाली होती. पदवीच्या यादीत मी नव्हतो. डिप्लोमाच्या यादीत होतो, एकतिसावा, आणि जागा होत्या चार. पदवीच्या यादीत 2005 ला लागलेली दोन मुलं होती. त्यातल्या एकाला लेव्हल कशी धरायची ते मी शिकवलं होतं.

मी आस्थापना शाखेत गेलो. अधीक्षक बाईंनी काही न बोलता माझं सेवापुस्तक काढलं, पदवीच्या नोंदीखाली फूटपट्टी ठेवली आणि म्हणाल्या, "ह्या रेघेच्या वरचं मला मोजता येत नाही." त्याच पानावर रेघेच्या वर दुसरी नोंद होती: 26 जुलै 2005 च्या अतिवृष्टीत केलेल्या उल्लेखनीय कामाबद्दल. त्या दिवशी सांताक्रूझला 944 मिलिमीटर पाऊस झाला. आमची साइट मिठी नदीच्या काठाला होती. छातीभर पाण्यातून जाऊन मी पंपाची वीज तोडली, अकरा मजुरांना शेडच्या पत्र्यावर चढवलं आणि दोन रात्री त्यांच्याबरोबर तिथेच काढल्या. बाईंना मी विचारलं, "हा अनुभव नाही?" त्यांनी ती नोंद पूर्ण वाचली, माझ्यासमोर, मोठ्याने. मग म्हणाल्या, "आहे हो. पण ही नोंद आहे, पात्रता सेवा नाही." त्यांच्या आवाजात तुच्छता नव्हती. असती तर मला सोपं गेलं असतं. मी फूटपट्टीकडे बघत उभा राहिलो. शेवटी शिपायाने खुर्ची पुढे केली, तेव्हा कळलं की मी टेबलाची कड घट्ट धरून उभा आहे.

इथवरचं मी सगळ्यांना सांगतो. पुढचं फारसं सांगत नाही.

1999 साली आमच्या संघटनेचं निवेदन मी लिहिलं होतं. त्यात वाक्य होतं, 'पदवी घेतल्याने साइट कळत नाही.' तेव्हा मी डिप्लोमावाला होतो आणि माझी पूर्ण खात्री होती. दहा वर्षांनी त्याच पदवीची छोटी रांग मला हवी होती, आणि वर डिप्लोमाची सगळी वर्षंही हवी होती. निवेदन लिहिणारा मी त्या दिवशी आस्थापनेत बसलेला असतो, तर त्यानेही फूटपट्टी तिथेच ठेवली असती.

शिवाय त्याच साइटवर पाणी ओसरल्यावर मी खड्डा लवकर कोरडा करायचा म्हणून दोन पंप दिवसभर चालवले. संध्याकाळी एक बाजू आत आली. माणसं वर होती म्हणून कुणाला लागलं नाही. मी पावसाला दोष दिला आणि तसाच रिपोर्ट लिहिला. पुढे सेक्शन बीसाठी मृदा यांत्रिकी वाचताना कळलं की समोरचं पाणी झपाट्याने उतरवलं की मागची भिजलेली माती आपल्याच पाण्यानिशी पुढे लोटते. नऊ वर्षांच्या नोकरीत मला हे कुणी सांगितलं नव्हतं आणि माझ्याही लक्षात आलं नव्हतं. मग रेघेच्या वरची वर्षं आणि खालची वर्षं सारखी आहेत असं मी कुठल्या तोंडाने म्हणू? पण ती शून्य आहेत, हेही मला मान्य नाही. पत्र्यावर चढवलेली अकरा माणसं शून्य नव्हती.

माझी चूक आणखी एक: गुणपत्रिका हातात आल्यावर ती सेवापुस्तकात चढवायला मी आठ महिने लावले. परीक्षेला बसण्याची पूर्वपरवानगीही उशिरा मागितली होती. तुम्ही तसं करू नका. परवानगी आधी घ्या, निकालाच्या आठवड्यातच अर्ज द्या, पोच घ्या.

बढती मला 2012 ला मिळाली, पदवीच्याच कोट्यातून. ती दोन मुलं ज्येष्ठता यादीत कायमची माझ्या वर राहिली. कोर्टात का गेलो नाही, हेही तुम्ही विचारता. वकीलपत्र भरून तयार होतं. तीन महिने ते माझ्या बॅगेत होतं, डोंबिवली ते कुर्ला, कुर्ला ते डोंबिवली. सही केली नाही. हरण्याची भीती होती, की आत आलेली ती बाजू डोळ्यांसमोर होती, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.