उबुंटूवर व्हर्च्युअलबॉक्स, सिक्युअर बूट चालू ठेवून

माझं सगळं काम आता उबुंटूवर, म्हणजे लिनक्सवर, चालतं. विंडोज लागतं ते फक्त पेजमेकर या पानं जुळवायच्या सॉफ्टवेअरमधल्या जुन्या मराठी फाइलींसाठी. त्यांचा मजकूर युनिकोडच्या आधीच्या फाँटमधला, आणि ते फाँटचं सॉफ्टवेअर यूएसबी लॉक (पेनड्राइव्हसारखं परवान्याचं छोटं उपकरण) लावल्याशिवाय सुरूच होत नाही. तेवढ्यासाठी वेगळा कॉम्प्युटर कशाला, म्हणून व्हर्च्युअलबॉक्स, म्हणजे उबुंटूच्या आतच विंडोज चालवू देणारं सॉफ्टवेअर, टाकायचं ठरवलं.

बायोसमध्ये, म्हणजे मशीनच्या मूळ सेटिंग्जमध्ये, व्हर्च्युअलायझेशन (एका मशीनमध्ये दुसरं चालवायची प्रोसेसरची सोय) बंद होतं, ते आधी चालू केलं. इंटेलच्या मशीनवर ते व्हीटी-एक्स या नावाने सापडतं, एएमडीवर एसव्हीएम. मग टर्मिनलमधून ॲप्ट या कमांडने व्हर्च्युअलबॉक्स इन्स्टॉल केलं.

खरी गंमत पुढे आहे. व्हर्च्युअलबॉक्सचं स्वतःचं मॉड्यूल, म्हणजे जोडभाग, कर्नलमध्ये, म्हणजे उबुंटूच्या गाभ्यात, बसावं लागतं. डीकेएमएस नावाची यंत्रणा ते आपल्याच मशीनवर कंपाइल करते, म्हणून त्यासाठी लागणाऱ्या कर्नल हेडर्स या फाइली हव्यात. पण सिक्युअर बूट (मशीन सुरू होताना अनोळखी सॉफ्टवेअर अडवणारं संरक्षण) चालू असेल, तर ओळखीच्या डिजिटल किल्लीची सही नसलेलं मॉड्यूल कर्नल घेतच नाही. त्यामुळे सही करणारी किल्ली मशीनमध्ये नोंदवण्यासाठी इन्स्टॉल होतानाच एक नवा पासवर्ड ठरवायला सांगतात. हा पासवर्ड एकदाच लागतो, पण रिस्टार्ट होईपर्यंत लक्षात हवा.

रिस्टार्टनंतर निळा पडदा येतो. दहा सेकंदांत कुठलंही बटण दाबायचं, नाहीतर मशीन सरळ पुढे बूट होतं आणि किल्ली नोंदवायची राहून जाते. ‘एनरोल मॉक’ (मॉक म्हणजे तीच किल्ली), ‘कंटिन्यू’, ‘येस’, मग तो पासवर्ड, मग रीबूट. एवढंच. सिक्युअर बूट सरळ बंद करून टाका, असा सल्ला सर्रास मिळतो. मला तो अजिबात पटत नाही. दोन मिनिटांच्या कामासाठी मशीनचं संरक्षण का काढायचं?

विंडोज बसलं, पण यूएसबी लॉक आत दिसेना. आपला युजर ‘व्हीबॉक्सयूजर्स’ या ग्रुपमध्ये घालावा लागतो आणि लॉगआउट करून परत यावं लागतं. त्यानंतर डिव्हाइसेसच्या मेनूत लॉकचं नाव आलं, त्यावर टिक केली आणि फाँटचं सॉफ्टवेअर उघडलं. आतल्या विंडोजमध्ये गेस्ट ॲडिशन्स हे व्हर्च्युअलबॉक्सचं जोड-सॉफ्टवेअर टाकल्यावर दोन्हीकडून वापरता येणारा शेअर्ड फोल्डरही मिळाला, त्यामुळे पेनड्राइव्हची ये-जा संपली.

त्यानंतर उबुंटूचा कर्नल अपडेट झाला, तेव्हा डीकेएमएसने मॉड्यूल नव्याने बांधून त्याच किल्लीने सही केली. निळा पडदा पुन्हा आला नाही.