आइनो हे नाव कुठून आलं

हेलसिंकीतल्या हिएतानिएमी दफनभूमीत मी गेले ती समुद्र बघायला. दफनभूमी संपते तिथे समुद्र लागतो, एवढं नकाशात दिसलं होतं. फेब्रुवारीचा शेवटचा आठवडा होता. समुद्र गोठलेला, वर बर्फाचा थर, त्यामुळे जमीन कुठे संपली आणि पाणी कुठे सुरू झालं तेच कळेना. परत फिरले आणि वाटेत दगडांवरची नावं वाचू लागले. आइनो. व्हायनो. इल्मारी. पुन्हा आइनो. तापिओ. फिनिश मला येत नाही, पण चार रांगा ओलांडेपर्यंत ही नावं ओळखीची झाली, इतकी ती परत परत भेटत होती.

ही 'कालेवाला' या फिनिश महाकाव्याशी जोडलेली नावं आहेत हे मला माहीत होतं. त्या महाकाव्यासाठीच तर एवढ्या थंडीत इकडे आले होते. तरीही पुस्तकातलं नाव दगडावर कोरलेलं, त्याखाली जन्ममृत्यूची सालं आणि शेजारी कुणीतरी लावून गेलेली मेणबत्ती, हे बघताना पाय थबकले.

त्यातही आइनो. व्हायनामॉइनेन हा कालेवालातला म्हातारा गायक. त्याच्या गाण्यात एवढी ताकद की तो गाऊ लागला की समोरचा माणूस दलदलीत रुतत जातो. असाच एक उर्मट तरुण छातीपर्यंत रुततो आणि जीव वाचवायला स्वतःची बहीण म्हाताऱ्याला देऊ करतो. ती बहीण आइनो. तिला हे लग्न नको असतं. ती रडत रडत किनाऱ्याशी येते, पाण्यात उतरते आणि परत येत नाही. लोक पिढ्यान् पिढ्या गात होते त्या गाण्यांत मात्र आइनो नावाची मुलगी नव्हतीच. तिथे तिला आन्नी म्हटलेलं असे, आणि 'आइनो' हे विशेषण होतं. अर्थ एवढाच की एकुलती एक. गाणी गोळा करून त्यांचं महाकाव्य बांधणाऱ्या एलिआस ल्योन्रोटने त्या विशेषणाचं नाव केलं. मग ते नाव पुस्तकातून पाळण्यात गेलं, पाळण्यातून शाळेच्या पटावर आणि शेवटी या दगडांवर.

दुसऱ्या दिवशी आतेनेउम कलादालनात आक्सेली गाल्लेन-काल्लेलाने १८९१ मध्ये पूर्ण केलेलं आइनोचं तीन भागांचं चित्र पाहिलं. मधल्या भागात म्हातारा होडीतून झेपावतोय आणि ती त्याच्या हातातून निसटून पाण्यात जातेय. मी बराच वेळ समोरच्या बाकावर बसून होते. नकार देऊन बुडालेल्या मुलीचं नाव आईबापांनी हौसेने आपल्या लेकींना ठेवलं, या गोष्टीचं मला अजून नवल वाटतं. त्यांना तिच्यात दुःख दिसलं असेल की हट्ट? मला हट्ट दिसला. गंमत म्हणजे चित्र काढणाऱ्याचं स्वतःचं नावही आधी आक्सेल गालेन होतं. १९०७ मध्ये त्याने ते बदलून फिनिश वळणाचं केलं. त्या काळात नावं बदलण्याची लाटच आली होती. फिनिश भाषेचा कैवार घेणाऱ्या विचारवंत स्नेलमानच्या जन्मशताब्दीचं निमित्त झालं आणि १९०६-०७ मध्ये सुमारे ७०,००० लोकांनी आपली स्वीडिश आडनावं टाकून फिनिश घेतली. एखाद्या समाजाने आपण कोण हे इतक्या शब्दशः लिहून काढल्याचं दुसरं उदाहरण मला चटकन आठवत नाही.

हे का घडलं ते समजायला थोडं मागे जावं लागतं. फिनलंड १८०९ पर्यंत स्वीडनचा भाग होता, त्यानंतर १९१७ पर्यंत रशियाच्या झारच्या ताब्यातली ग्रँड डची, म्हणजे स्वायत्त संस्थान. राज्यकर्ता बदलला तरी कचेरीची, कोर्टाची, विद्यापीठाची भाषा स्वीडिशच राहिली. फिनिश बोलायचे शेतकरी, कोळी, मोलकरणी. कायद्याने फिनिशला स्वीडिशच्या बरोबरीला आणण्याचा आदेश निघाला तो १८६३ मध्ये, आणि त्यासाठीही वीस वर्षांची मुदत दिलेली होती. कालेवाला त्याच्या आधीचं. ज्या भाषेत अर्ज लिहिता येत नव्हता, त्या भाषेत महाकाव्य आलं.

पण सरळ एका भाषेची बाजू घ्यावी, तर हेलसिंकी तसं करू देत नाही. एस्प्लानादी बागेत योहान लुडविग रुनेबेर्गचा पुतळा आहे, त्याच्या मुलानेच घडवलेला, १८८५ मधला. चौथऱ्यावर अस्वलाचं कातडं पांघरलेली एक तरुणी उभी आहे आणि तिच्याजवळच्या फलकावर राष्ट्रगीताच्या ओळी कोरल्या आहेत. त्या स्वीडिशमध्ये आहेत, कारण फिनलंडचा हा राष्ट्रकवी स्वीडिशमध्ये लिहायचा. चाल लावणारा फ्रेडरिक पॅसियस जन्माने जर्मन. त्याच चालीवर पुढे एस्टोनियाने आपलंही राष्ट्रगीत बसवलं. आजही हेलसिंकीच्या रस्त्यांवरच्या पाट्या दोन भाषांत आहेत. मला हे आवडलं. आपलं गाणं दुसऱ्या भाषेतून आलं हे दगडावर तसंच राहू देणारा देश मोठ्या मनाचा आहे.

तिथून रेल्वे स्टेशनपाशी गेलं की नॅशनल थिएटरसमोर आलेक्सिस किवी बसलेला दिसतो, मान खाली घालून. फिनिश भाषेतली पहिली मोठी कादंबरी त्याची, 'सात भाऊ', १८७० ची. कादंबरीतले सात भाऊ कशापासून पळून जंगलात जातात? वाचायला शिकण्यापासून. चर्चचा माणूस त्यांना मुळाक्षरं घोकायला बसवतो, कोपऱ्यात उभं करतो आणि ते खिडकीतून उड्या टाकून पळतात. शेवटी जंगलातून परत येतात आणि वाचायलाही शिकतात. नुकती कुठे लिहिती होऊ लागलेल्या भाषेची यापेक्षा खरी गोष्ट कुणी लिहिली असेल असं वाटत नाही. त्या काळच्या एका प्रतिष्ठित प्राध्यापकाने तिची निर्दय टीका करून वाट लावली. आपले शेतकरी असे रांगडे, भांडखोर नाहीत, असा त्या मंडळींचा आग्रह. किवी १८७२ च्या शेवटच्या दिवशी गेला, वयाच्या ३८ व्या वर्षी. आता त्याचा जन्मदिवस, १० ऑक्टोबर, फिनिश साहित्याचा दिवस म्हणून पाळतात. पुतळ्याची खाली गेलेली मान पाहून मला त्या टीकाकाराचा राग आला आणि तो बराच वेळ गेला नाही.

२८ फेब्रुवारीला मी कायानीत होते. मुद्दाम. हेलसिंकीहून उत्तरेला रेल्वेने जवळजवळ अख्खा दिवस जातो. खिडकीबाहेर भूर्ज, पाइन, बर्फ, पुन्हा भूर्ज. गावात उतरले तर घराघरांवर, कचेऱ्यांवर निळ्या क्रॉसचे पांढरे झेंडे. १८३५ मध्ये याच तारखेला, याच गावात ल्योन्रोटने कालेवालाच्या पहिल्या आवृत्तीच्या प्रस्तावनेखाली सही केली. तोच दिवस आता कालेवाला दिन आणि फिनिश संस्कृतीचा दिवस. लढाईच्या नव्हे, प्रस्तावनेच्या तारखेला झेंडे चढतात हे बघून माझा ऊर भरून आला, खोटं कशाला सांगू.

ल्योन्रोट इथे आला १८३३ मध्ये, जिल्ह्याचा डॉक्टर म्हणून. शिंप्याचा मुलगा, घरची भाषा फिनिश, शिक्षण सगळं स्वीडिशमधून. दुष्काळ आणि साथी यांनी पोखरलेला अफाट मुलूख त्याच्या एकट्याच्या अंगावर होता. त्यातूनच रजा काढून तो पायी, स्कीवर, होडीने पूर्वेकडे जायचा आणि खेड्यापाड्यांतल्या लोकांना गायला सांगून लिहून घ्यायचा. १८३५ च्या ग्रंथात १२,००० च्या वर ओळी होत्या, १८४९ च्या वाढवलेल्या ग्रंथात २२,७९५. फिनिशमधले धमनी आणि शीर यांचे शब्द, वाल्तिमो आणि लास्किमो, त्यानेच घडवले. एकाच माणसाने भाषेला रक्तवाहिन्यांची नावंही द्यावीत आणि महाकाव्यही.

नदीकाठी पडक्या किल्ल्याजवळ उभं राहून मी त्याच्या १८३४ मधल्या प्रवासाचा विचार करत होते. त्या वर्षी तो लात्वायार्वी नावाच्या खेड्यात आर्हिप्पा पेर्त्तुनेन या म्हाताऱ्याकडे पोहोचला आणि तीन दिवस नुसता लिहीत राहिला. आर्हिप्पाने त्याला लहानपणची एक आठवण सांगितली. बाप आणि त्याच्या मदतीचा गडी मासेमारीला गेले की रात्री शेकोटीपाशी बसत, एकमेकांचा हात हातात धरत आणि पहाटेपर्यंत गात. एकदा गायलेलं गाणं पुन्हा येत नसे. पोरगा आर्हिप्पा शेजारी बसून ऐकायचा. आताची पोरं असं गात नाहीत, ही खंतही त्याने बोलून दाखवली. म्हणजे हा ठेवा लिहिला गेला तेव्हाच हातातून चालला होता.

लात्वायार्वी बघायचं होतं. म्हणून कुहमोला गेले, कायानीहून बसने आणखी शंभर-एक किलोमीटर पूर्वेला. पुढे काही जाता येत नाही. सरहद्दीवरचं नाकं २०२३ च्या अखेरीपासून बंद आहे. आणि लात्वायार्वी सरहद्दीच्या पलीकडे आहे, रशियात. ते आजच नाही, तेव्हाही पलीकडेच होतं. ल्योन्रोट होता त्या काळी दोन्ही बाजूंवर झारच होता, म्हणून डॉक्टर सहज जाऊ शकला. कालेवालातली सर्वांत भरघोस गाणी त्या बाजूच्या खेड्यांतून आली. गाणारे लोक फिनिशच्या जवळची करेलियन भाषा बोलणारे, ऑर्थोडॉक्स पंथाचे. १९१७ मध्ये फिनलंड स्वतंत्र झाला तेव्हा त्यांची गावं त्यात आली नाहीत.

कुहमोच्या गोठलेल्या तळ्याकाठी मला हे पहिल्यांदा नीट जाणवलं. ज्यांच्या तोंडून एक राष्ट्र बोलायला शिकलं, ते स्वतः त्या राष्ट्राच्या नकाशाबाहेर राहिले. पलीकडच्या उहतुआ गावाचं नाव १९६३ मध्ये सोव्हिएत सरकारने बदललं आणि 'कालेवाला' ठेवलं. म्हणजे तिकडे पुस्तकाचं नाव गावाला, इकडे पुस्तकातली नावं मुलांना. मधे जंगल आणि कुंपण.

याच मनःस्थितीत हेलसिंकीला परतले आणि हाकासाल्मी बागेत लारिन पारास्केला भेटायला गेले. संसदभवनापासून चालत काही मिनिटांवर तिचा पुतळा आहे, बसलेला. पारास्के जन्माने इंग्रियातली, म्हणजे फिनलंडच्या आखाताकाठच्या रशियन मुलखातली, भूदासाची मुलगी, १८३३ चा जन्म. तिच्याकडून उतरवून घेतलेल्या ओळी ३२,००० च्या वर भरतात. एका बाईच्या स्मरणात कालेवालापेक्षा जास्त. मी त्यांना ओव्याच म्हणेन, कारण त्यांत नांदणं आहे, सासर आहे, मुलं गेल्याचं दुःख आहे, राबणं आहे. चित्रकारांनी तिची चित्रं काढली, तरुण संगीतकार सिबेलिअस १८९१ मध्ये पोर्वोला जाऊन तिचं गाणं ऐकून आला. ती स्वतः मात्र १९०४ मध्ये दारिद्र्यात गेली. लग्नानंतर ती राहिली ते फिनलंडमधलं साक्कोला दुसऱ्या महायुद्धात रशियाकडे गेलं. त्या मुलखातून चार लाखांवर माणसं घरं सोडून फिनलंडमध्ये आली.

शेवटचा दिवस फिनिश लिटरेचर सोसायटीच्या ग्रंथालयासाठी ठेवला होता. ही संस्था १८३१ ची, कालेवाला तिनेच छापलं. कालेवालात कुठल्याही ओळीखाली गाणाऱ्याचं नाव नाही. ल्योन्रोटने सगळे आवाज एकत्र विणून एक आवाज केला, आणि तसं केलं नसतं तर महाकाव्य झालं नसतं, हेही मी मान्य करते. पण मूळ गाणी, जशी लिहून घेतली तशी, याच संस्थेने नंतर वेगळी छापली. ३४ खंड. पहिले ३३ निघाले १९०८ ते १९४८ या काळात. मधे यादवी युद्ध झालं, दोनदा रशियाशी युद्ध झालं, तरी छपाई चालू राहिली.

मी पहिला खंड मागून घेतला, सरहद्दीपलीकडच्या विएना करेलियाचा. जुन्या कागदाचा वास. मजकूर कळत नव्हता म्हणून फक्त गाण्यांबरोबरच्या बारीक नोंदी पाहत गेले. गाव. कुणी लिहून घेतलं. कोणत्या साली. आणि माहीत असेल तिथे कुणी गायलं. वुओन्निनेन, ओन्त्रेइ. वुओक्किनिएमी. मग लात्वायार्वी, आणि त्यापुढे आर्हिप्पा. मी त्या ओळीवर बोट ठेवलं आणि नाव हळूच मोठ्याने वाचलं. शेजारच्या टेबलावरच्या बाईंनी वर पाहिलं, माझं बोट कुठे आहे ते पाहिलं आणि उच्चार सुधारून दिला. 'ह' थोडा जोरात घ्यायचा. मी पुन्हा म्हटलं. त्यांनी मान हलवली आणि पुन्हा आपल्या पानात डोकं घातलं.