पडदा भरा म्हणे!

फ्रेंच दिग्दर्शक लुई मालचे चित्रपट एका दिवसात लागोपाठ लावायचे म्हणजे प्रोजेक्शन केबिनमध्ये बसायला सवड नाही. पत्रिकेत नुसती नावं असतात. आमच्या लेखी ‘एलिव्हेटर टू द गॅलोज’ म्हणजे १.६६ (उंचीच्या १.६६ पट रुंदी), ‘द लव्हर्स’ म्हणजे स्कोप, खूप रुंद चित्र; ‘झाझी’ आणि ‘फँटम इंडिया’ जवळपास चौकोनी. दर खेळाला लेन्सची सेटिंग बदला, पडद्याच्या बाजूचं काळं कापड सरकवा. त्यात केडीएम, म्हणजे कुलूपबंद फाइलची किल्ली, ठरल्या वेळेआधी लागत नाही. त्यामुळे तपासणी घाईतच उरकायची.

सकाळी चाचणीला मॅनेजर आले. “बाजूला काळं का दिसतंय? झूम करा, पडदा भरा.” मी करून दाखवलं. रात्रीच्या पॅरिसमध्ये ‘एलिव्हेटर’ची नायिका झान मोरो एकटीच चालतेय, अंगावर उजेड फक्त दुकानांच्या काचांमधला. झूम केल्याबरोबर तिच्या डोक्यावरचा अंधार गेला. १.६६ मध्ये दहावा हिस्सा कापला जातो, ‘झाझी’त तर पाव भागाहून जास्त. साहेब म्हणाले, “हे तर छान दिसतंय!” ते खाली गेल्यावर मी सेटिंग पूर्ववत केली. मल्टिप्लेक्समध्ये असे किती सिनेमे डोकी छाटून दाखवले जातात, याचा हिशेब कोणी ठेवत नाही.

दुपारी वक्ते म्हणाले, मालला स्वतःची शैलीच नव्हती. समुद्रसंशोधक कुस्तोसोबत समुद्रतळ दाखवून तेविसाव्या वर्षी कान महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक, मग खून, प्रेम, धमाल विनोद, माहितीपट. एका जागी ठरलाच नाही. टाळ्याही पडल्या.

संध्याकाळी ‘फँटम इंडिया’चा मुंबईवरचा शेवटचा भाग. १९७० साली बीबीसीनं ही मालिका दाखवली, तेव्हा चिडून भारत सरकारनं त्यांचं दिल्लीचं ऑफिस बंद केलं होतं. आमच्याकडे तक्रार आली ती काळ्या पट्ट्यांचीच.

वक्त्यांचं म्हणणं मात्र मला अजून पटत नाही. ‘एलिव्हेटर’ आणि ‘द लव्हर्स’ दोन्ही १९५८ चे. दिग्दर्शक तोच, कॅमेरामन आंरी दके तोच, नायिका तीच. तरी एक अरुंद, दुसरा लांबरुंद. हातखंडा साचा वापरायचा असता, तर इथं कोण अडवत होतं? हे मी त्यांना विचारणार होतो, पण तेवढ्यात पुढच्या खेळाचं कापड सरकवायची वेळ झाली.