आदिनादाची भाकणूक

गुरुवार, रात्री उशिरा

श्रुतिका भाकितापाशी अडलीय. बाकीचे प्रसंग लिहून झाले, पण ज्या चार ओळींवर सगळी गोष्ट उभी आहे त्याच जमत नाहीत. गोष्टीतलं भाकीत असं: सृष्टी एका नादातून घडली, तो नाद पुन्हा येणार आणि डोंगर-नद्यांपासून माणसांच्या आठवणींपर्यंत सगळं नव्यानं घडवणार. दिग्दर्शक म्हणतो, "ताई, जरा गूढ येऊ द्या." आणलं गूढ. "शून्याच्या गर्भात जेव्हा स्पंदन जागेल..." असं लिहिलं आणि मोठ्यानं वाचून पाहिलं. असलं वाक्य कशालाही चिकटवता येतं. त्यात कुणाचं काही बुडत नाही की कुणाला काही मिळत नाही. ते खोटं ठरायची सोयच नाही, मग त्याला घाबरायचं कोणी आणि का?

म्हणून आपल्याकडे भाकीत कसं बोलतात ते आठवत बसले. कोल्हापूर जिल्ह्यात पट्टणकोडोलीला विठ्ठल-बिरदेवाच्या यात्रेत फरांडेबाबा हातात तलवार घेऊन भाकणूक सांगतात, वर भंडाऱ्याची उधळण चाललेली असते. तिकडे बुलढाण्यात भेंडवळला अक्षय्य तृतीयेला घटमांडणी होते, म्हणजे घटाभोवती धान्याचे दाणे मांडून ठेवतात, आणि दुसऱ्या दिवशी पहाटे कुठलं धान्य जागचं हललं ते बघून वर्षाचा अंदाज सांगतात. दोन्हीकडे विषय काय, तर पाऊस, पीक, बाजारभाव, रोगराई आणि राजाची गादी. विश्वाच्या स्पंदनाशी कुणाला देणंघेणं नाही. ते खरं ठरतं की नाही हा निराळा वाद. (माझा विश्वास नाही, सासूबाईंचा पक्का होता.) पण ऐकणारा कान टवकारतो, कारण त्यात त्याच्या जोंधळ्याचं काय होणार ते असतं.

शुक्रवार

ध्वनिसंयोजन करणारा मुलगा दुपारी घरी आला. तंबोरा नको आणि शंखही नको, हे मी आधीच बजावलं होतं. आपल्याकडे विश्वाची उत्पत्ती दाखवायची म्हटलं की हे दोघे आलेच. त्यानं नासाची २०२२ सालची ती प्रसिद्ध क्लिप ऐकवली, पर्सियस दीर्घिकासमूहातल्या (दीर्घिका म्हणजे आपल्या आकाशगंगेसारखे ताऱ्यांचे प्रचंड घोळके) कृष्णविवराची. ऐकताना घशाशी काहीतरी अडकल्यासारखं होतं. व्हॉट्सअ‍ॅपवरच्या काकालोकांना अशा क्लिपांमध्ये ओंकार ऐकू येतो, मला तरी भुताचा सिनेमा आठवला.

पण माहिती वाचली तर गंमत भलतीकडेच निघाली. तिथल्या तप्त वायूत दाबाच्या लाटा उठतात हे खरं आहे. मात्र एकेका लाटेला सुमारे एक कोटी वर्षं लागतात. तो सूर पियानोच्या मधल्या सा पासून ५७ सप्तकं खाली आहे. आपल्या कानासाठी तो तितकी सप्तकं वर ओढून आणलाय. म्हणजे माणूस नावाचा प्राणी पृथ्वीवर आल्यापासून तिथली एक लाटही पुरती झालेली नाही.

शार्ङ्गदेवाची आठवण झाली. तेराव्या शतकात, देवगिरीच्या यादवांच्या पदरी बसून त्यानं संगीतावर ग्रंथ लिहिला. त्यात आहत (आघातातून उमटणारा) आणि अनाहत (आघाताशिवायचा) असे नादाचे दोन प्रकार सांगितले आणि अनाहताला अदबीनं बाजूला ठेवलं: मुक्ती देत असेल, पण त्यानं लोकांचं मन रंजत नाही. किती व्यवहारी माणूस! श्रुतिकेच्या दिग्दर्शकाला हाच सल्ला द्यायला हवा.

शनिवार

आज दिवसभर तेच डोक्यात. कारण नादानं सृष्टीला आकार दिला ही गोष्ट, निदान एका अर्थानं, खरीच आहे.

पहिली सुमारे ३,८०,००० वर्षं विश्व म्हणजे प्रकाश आणि द्रव्य यांचा एकजीव तापलेला रस्सा होता. जिथं द्रव्य जरा जास्त दाटलं तिथं गुरुत्वाकर्षण त्याला आणखी आत खेचायचं आणि प्रकाशाचा दाब बाहेर ढकलायचा. या ओढाताणीतून लाटा निघाल्या. त्या दाबाच्याच लाटा, म्हणजे ध्वनीच, आणि वेग प्रकाशाच्या निम्म्याहून जास्त. मग विश्व निवलं, अणू तयार झाले, प्रकाश मोकळा होऊन निघून गेला. ढकलणारंच कोणी उरलं नाही, तेव्हा लाट जिथवर पोचली होती तिथंच, दाट जागेभोवती गोल कडं करून, गोठली. त्या कड्यांवर द्रव्य किंचित जास्त राहिलं आणि पुढं तिथं दीर्घिकाही किंचित जास्त जन्मल्या. विश्वाबरोबर ताणली जाऊन आज त्या कड्याची त्रिज्या सुमारे ५० कोटी प्रकाशवर्षं झालीय.

हे १९७० च्या सुमारास कागदावर मांडलं गेलं होतं. अमेरिकेत पीबल्स आणि यू यांनी, सोव्हिएत संघात सुन्यायेव्ह आणि झेल्डोविच यांनी. आकाशात तपासायला तेवढी दुर्बीणही नव्हती आणि मोजणीही नव्हती. २००५ मध्ये दोन गटांनी दीर्घिकांमधली अंतरं मोजून ती खूण सापडल्याचं जाहीर केलं. त्यातल्या एका गटानं सुमारे ४७ हजार दीर्घिका तपासल्या होत्या. त्या ठरावीक अंतरावर दीर्घिकांच्या जोड्या जास्त मिळतात, पण किती जास्त? शेकड्याला साधारण एक. एवढ्याशा फरकासाठी पस्तीस वर्षं थांबायचं, आणि फरक नसता तर तोंडघशी पडायचं. भेंडवळच्या पहाटेइतकीच धाकधूक असणार की यातही.

माझ्या गोष्टीची चूल चुकीच्या ठिकाणी मांडली होती हे तेव्हा लक्षात आलं. नाद येणार, येणार म्हणून सगळे वाट बघत बसलेत. तो येऊन गेलाय. आपण त्याच्या वळावर राहतो.

रविवार

सकाळी एका बैठकीत उतरलं. फरांड्याच्या तोंडी घातलंय:

"ऐका बाळानू. आधी नाद झाला, मग माती झाली.
नाद थांबला तितं दाटी झाली, दाटीत दिवं लागलं.
नाद आता यायचा न्हाई. त्यो कवाच यिऊन गेलाय.
मोजणारा भेटंल, ऐकणारा भेटायचा न्हाई.
पाऊस मध्यम हाय. जोंधळ्याला धारण बरी.
लई बोलणाऱ्याची गादी हलंल."

दिग्दर्शकाला फोनवर वाचून दाखवलं. आधी गप्प, मग म्हणाला, "ताई, जोंधळा कशाला?" मी म्हटलं, जोंधळा काढायचा नाही. तो गेला की बाकीच्या ओळी व्हॉट्सअ‍ॅपवर आलेला सुविचार वाटतील. आणि नादच परत येणार नसेल तर शेवटच्या भागात काय करायचं, हा त्याचा दुसरा प्रश्न. हा मात्र रास्त आहे. शेवटचा भाग पुन्हा लिहावा लागणार. माझ्या मनात आहे ते असं की गावातले लोक वाट बघून कंटाळतात, एक पोरगी दोरी घेऊन अंतरं मोजत सुटते आणि तिला वेड्यात काढतात. तो विचार करतो म्हणाला.

एका गोष्टीवर मात्र मी अडून बसलेय. या ओळी म्हणायला नट हातकणंगल्याकडचाच, म्हणजे पट्टणकोडोलीच्या बाजूचाच हवा. पुण्यातला कोणीतरी "न्हाई" असं काही म्हणेल की सगळी भाकणूक जाहिरातीसारखी ऐकू येईल.