तुतनखामुनच्या थडग्यात काय पाहावं

इजिप्तमधल्या लक्झरहून बोटीनं नाईल ओलांडायची आणि पश्चिम काठावरून गाडीनं राजांच्या खोऱ्यात यायचं. साध्या तिकिटात तीन थडगी पाहता येतात, पण प्राचीन इजिप्तचा राजा तुतनखामुन याचं थडगं त्यात धरत नाहीत. त्याचं वेगळं तिकीट खोऱ्याच्या फाटकावरच काढून ठेवा.

पायऱ्या उतरण्याआधी वर बघा. तिथंच नंतरच्या काळातल्या सहाव्या रामसेस राजाच्या थडग्याचं दार आहे. ते खोदणाऱ्या मजुरांनी नेमक्या या पायऱ्यांवर झोपड्या घातल्या आणि खालचं दार विसरलं गेलं. हे थडगं शोधणारा ब्रिटिश पुरातत्त्वज्ञ हॉवर्ड कार्टर आधी एकदा या झोपड्यांपर्यंत येऊन थांबला होता, कारण इथं खणलं की रामसेसकडे जाणाऱ्या पर्यटकांची वाट बंद व्हायची. १९२२ साली त्यानं मोसमाच्या सुरुवातीलाच हात घातला आणि ४ नोव्हेंबरला पहिली पायरी लागली.

पायऱ्या १६. पुढे आठेक मीटरचा उतरता बोळ. प्राचीन काळी पहिल्या चोरीनंतर तो चुनखडीच्या दगडगोट्यांनी बुजवला होता, तरी चोरांनी वरच्या कोपऱ्यातून पुन्हा बीळ पाडलंच.

दफनाची खोली साधारण ६.४ बाय ४ मीटर. तिच्यात ५ बाय ३.३ मीटरचं सोन्यानं मढवलेलं लाकडी मखर होतं, आणि त्याच्या आत आणखी तीन. कठड्याशी उभं राहून हे माप डोळ्यांसमोर आणा, म्हणजे ही मखरं सुटी करून बाहेर काढायचं काम किती अवघड होतं ते कळतं. भिंत आणि मखर यांच्यात माणूस जेमतेम आडवा सरकेल एवढीच जागा. त्यात हजारो वर्षांत लाकूड आक्रसलेलं, पण त्यावरचा सोनेरी गिलावा आक्रसला नव्हता. मधे पोकळी राहिली होती. जरा हात लागला की गिलावा तडकून गळायचा. तो जागीच धरून ठेवायला वितळलेलं मेण वापरावं लागलं.

भिंतींवरचे तपकिरी ठिपके आपल्या श्वासामुळे आलेत असं अनेकांना वाटतं. ते सूक्ष्मजीवांचे आहेत, मेलेले आहेत, आणि १९२० च्या दशकातल्या फोटोंशी ताडल्यावर वाढलेलेही नाहीत. मात्र गर्दीमुळे आत दमटपणा आणि धूळ येते हे खरं, म्हणून भिंतींपासून लांबच राहा.

मूळ दगडी शवपेटी आणि काचेतली ममी इथंच आहे. मुखवटा आणि बाकीचा ठेवा गिझाच्या ग्रँड इजिप्शियन म्युझियममध्ये. परतताना कार्टरच्या घराजवळची या थडग्याची प्रतिकृती चुकवू नका. खोली रिकामी करताना दक्षिण भिंतीवरच्या चित्राचा जो तुकडा काढला गेला आणि हरवला, तो उत्खननाचे फोटो काढणाऱ्या हॅरी बर्टनच्या जुन्या फोटोवरून तिथं पुन्हा उभा केलाय.