धावपट्टीवरची फुली

आयुष्यातलं पहिलं विमान मी शिकागोतून उडवलं. शिकागोला मी आजतागायत गेलेलो नाही, तो भाग वेगळा. मायक्रोसॉफ्टच्या फ्लाइट सिम्युलेटर या विमान उडवण्याच्या संगणकी खेळाच्या नव्वदच्या दशकातल्या आवृत्त्यांमध्ये, काहीही न निवडता खेळ सुरू केला की आपण एका ठरलेल्या जागी उभे असायचो. मेग्ज फील्ड नावाचा विमानतळ, धावपट्टी ३६. हा आकडा दिशेचा, म्हणजे तोंड उत्तरेकडे. डावीकडे उंच इमारतींची गर्दी, उजवीकडे मिशिगन सरोवराचं सपाट निळं पाणी आणि समोर राखाडी पट्टा. एफ-फोर दाबलं की इंजिन पूर्ण जोरात. मग कीबोर्डच्या उजव्या बाजूचा दोनचा आकडा दाबायचा, की नाक वर. हा दोन जरा जास्त वेळ दाबला गेला, की नाक फारच वर आणि पाठोपाठ सगळं सरोवरात. पहिल्या आठवड्यात मी उडण्यापेक्षा बुडलोच जास्त.

उतरणं त्याहून अवघड. ब्रेकची कळ म्हणजे पूर्णविरामाचं टिंब. ही कळ निवडणारा माणूस मिश्कील असणार. मेग्जची धावपट्टी जेमतेम १,२०० मीटर लांब आणि विमानतळाला हीच एक. पूर्णविराम वेळेवर दिला नाही, तर वाक्य थेट पाण्यात जायचं.

ही जागा कुणीतरी खेळासाठी रचलेली असावी, असंच मला पुष्कळ दिवस वाटत होतं. शहराला इतकं खेटून, पाण्याच्या इतक्या कडेला विमानतळ कोण बांधेल? नंतर कळलं, की जागा खरी आहे आणि रचलेलीही आहे. वास्तुविशारद डॅनियल बर्नहॅमच्या १९०९ सालच्या शिकागो आराखड्यात किनाऱ्यालगत कृत्रिम बेटांची एक माळ होती. त्यातलं एकच तयार झालं, नॉर्दर्ली आयलंड. १९३३-३४ मध्ये तिथे जागतिक प्रदर्शन भरलं आणि १० डिसेंबर १९४८ रोजी विमानतळ सुरू झाला. पुढे त्याला मेरिल मेग्ज या वृत्तपत्र प्रकाशकाचं नाव मिळालं. हा गृहस्थ स्वतः विमान चालवायचा आणि शहराच्या मध्यवस्तीजवळ विमानतळ हवा म्हणून मागे लागलेला होता. मोठी जेट विमानं इथे यायची नाहीत. छोटी खासगी विमानं, कामानिमित्त येणारी माणसं, असा आटोपशीर कारभार. उतरलं की मध्यवस्ती हाकेच्या अंतरावर.

विमानतळ बंद कसा करतात, हा प्रश्न मला तोवर पडलाच नव्हता. दुकानाला कुलूप लावता येतं, रस्त्यावर आडवा बांबू टाकता येतो. पण वरून येणाऱ्याला नको म्हणायचं कसं? त्याचं उत्तर अगदी शाळकरी आहे. धावपट्टीवर भलीमोठी फुली मारायची. गणित चुकलं की वहीत मिळायची तीच फुली, फक्त आकाशातून दिसेल एवढी. आता वैमानिकाच्या लेखी ती धावपट्टी राहत नाही. खाली पट्टा धडधाकट असो, फुली दिसली की उतरायचं नाही.

मेग्जवर ही फुली दोनदा पडली. पहिल्यांदा १९९६ मध्ये. जमीन शहराच्या उद्यान खात्याची होती, भाडेकरार संपला होता आणि महापौर रिचर्ड एम. डेली यांना तिथे बाग हवी होती. विमानतळ बंद झाला, फुल्या रंगवल्या गेल्या. मात्र राज्य पातळीवरून दबाव आला आणि १९९७ च्या फेब्रुवारीत विमानं पुन्हा उतरू लागली. रंगाची फुली ती, खरवडून काढता येते.

हा धडा महापौरांनी पक्का लक्षात ठेवला असावा. ३० मार्च २००३ च्या मध्यरात्री बुलडोझर आले आणि त्यांनी फुल्या रंगवल्या नाहीत, खणल्या. सकाळी पाहावं तो धावपट्टीच्या मधोमध खड्ड्यांच्या फुल्या. २००१ च्या हल्ल्यांनंतर शहराच्या सुरक्षिततेसाठी हे केलं, असं कारण देण्यात आलं. बाग चांगली की विमानतळ, यावर मी वाद घालणार नाही. मला बागा आवडतात. पण दिवसाढवळ्या सांगता आलं नाही म्हणून रात्री खणलं, हे मला अजूनही खटकतं. कायद्याने ३० दिवस आधी सूचना द्यायला हवी होती. ती न दिल्याबद्दल दिवसाला १,१०० डॉलर या हिशेबाने ३३,००० डॉलर दंड झाला. त्या काळी कायद्यात याहून जास्त तरतूदच नव्हती. एवढ्या पैशात एक अख्खा विमानतळ मिटवता येतो म्हटल्यावर अमेरिकी संसदेने पुढे दंडाचा दर दिवसाला १०,००० डॉलरपर्यंत नेला. विमानतळांसाठीचा निधी या खोदकामाकडे वळवला म्हणून शहराला आणखी दहा लाख डॉलर परत करावे लागले, ते निराळेच.

या गोष्टीत माझं मन अडकलं ते मात्र त्या रात्री तिथे असलेल्या सोळा विमानांत. मालक गाढ झोपेत आणि इकडे विमानं कोंडलेली. पुढे त्यांना टॅक्सीवेवरून उडायची परवानगी मिळाली. टॅक्सीवे म्हणजे धावपट्टीला समांतर जाणारी अरुंद वाट, विमानांनी हळूहळू चालत जायची. एकामागून एक सगळी तिच्यावरूनच निघून गेली, शेजारी खणलेल्या धावपट्टीकडे बघत.

आता तिथे गवताळ उद्यान आहे, पक्षी येतात, उन्हाळ्यात मोठमोठ्या मैफली होतात. सिम्युलेटरनेही पुढे मेग्ज वगळला. मग हौशी लोकांनी तो स्वतः बनवला आणि फुकट वाटला. मीही एका रविवारी तो डाउनलोड करून घेतला. इमारती आता जास्त रेखीव होत्या, पाण्यावर लाटा होत्या आणि धावपट्टी अखंड होती. मी मात्र विमान तिच्यावर नेलंच नाही. टॅक्सीवेच्या दक्षिण टोकाला उभं केलं, एफ-फोर दाबलं. पहिल्या खेपेला डावं चाक गवतात गेलं. दुसऱ्या खेपेला उजवं. चौथ्या खेपेला चाकं वाटेवर राहिली, मी दोन दाबला, आणि या वेळी योग्य तेवढाच.