थिओडोर पिश्टेकचे खांदे

आज ‘ताकोवी ये झिवोत’ (1930) पुन्हा पाहिला, तो फक्त चेक नट थिओडोर पिश्टेकसाठी. प्राग शहरातला मूकपट, दिग्दर्शक जर्मन कार्ल युंगहान्स. धुणं धुणाऱ्या बाईच्या भूमिकेत वेरा बारानोव्स्काया आणि तिचा दारुडा नवरा पिश्टेक. संवादांच्या पाट्या जवळजवळ नाहीतच, त्यामुळे सगळा भार अंगावर. पिश्टेकच्या रुंद खांद्यांकडे नीट बघा, माणूस कळतो.

1895 साली जन्मलेला हा नट 1920 च्या दशकात पिळदार शरीराचा नायक होता. पुढे अंग सुटलं, बोलपट आले, आणि तो पोट सुटलेल्या, भल्या नाहीतर भडक्या बापांच्या भूमिकांत रमला. शंभराहून जास्त चित्रपट केले. मला हा दुसरा डाव जास्त मोलाचा वाटतो.

हे जुने मूकपट बघताना दोन गोष्टी सांभाळा. सेकंदाला 18 फ्रेम (चित्रं) या वेगानं चित्रित झालेली रीळ 24 नं चालवली की हालचाल एक तृतीयांश जलद होते. जड चालीचा माणूस तुरूतुरू धावतो आणि अभिनय हकनाक हास्यास्पद ठरतो. दुसरं, तेव्हाच्या ऑर्थोक्रोमॅटिक फिल्मला लाल रंग दिसायचा नाही. लाल गाल काळपट, निळे डोळे पांढुरके उमटायचे. म्हणून तो जाड मेकअप. त्याला अतिरेकी अभिनय समजू नका.

‘ताकोवी ये झिवोत’मध्ये मुलीच्या भूमिकेतली मान्या झेनिश्कोवा पुढे पिश्टेकची पत्नी. त्यांचा मुलगा, नावही थिओडोरच, त्याला ‘अमाडेउस’ चित्रपटाच्या वेशभूषेसाठी ऑस्कर मिळालं.